मंगळवारची टूर

१

पुणं दाखवायला मला चार तास पुरतात. सकाळी साडेआठला शनिवारवाड्याच्या दिल्ली दरवाज्यापाशी भेटायचं. तिथून लाल महाल, कसबा गणपती, तांबट आळी, दगडूशेठ, विश्रामबागवाडा आणि शेवट मंडईत. एका वेळी एकच कुटुंब, फार तर चार माणसं. एकोणीस वर्षं मी हेच करतो आहे. माझं नाव मेहबूब. वडिलांचं बुधवार पेठेत पुस्तकबांधणीचं दुकान होतं, त्यामुळे हा सगळा भाग मी पायांनी शिकलो आणि इतिहास बांधणीला आलेल्या पुस्तकांतून. मेहबूब नावाचा माणूस पेशवाई सांगणार म्हटल्यावर काही पाहुणे आधी जरा चमकतात. दरवाज्यावरच्या खिळ्यांचं सांगून होईपर्यंत विसरतात.

मी तारखा सांगतो. शनिवारवाड्याला आग कोणत्या साली लागली, मंडईची इमारत कोणत्या साली उभी राहिली. एकही चुकत नाही. लोक माना डोलावतात, फोटो काढतात, जातात. त्यांच्याकडून माझी याहून जास्त अपेक्षा नसते. अपेक्षा होती ती एकाच माणसाकडून.

माझी बायको मेहरुन नाना पेठेतल्या एका लॅबमध्ये रक्त तपासते. डोळ्यांनी पाहिल्याशिवाय ती कशावर विश्वास ठेवत नाही. चोवीस वर्षांच्या संसारात माझी टूर तिनं एकदाही ऐकली नव्हती. "पुण्यात राहून पुणं काय बघायचं?" म्हणायची. पहिली काही वर्षं मी आग्रह केला, मग सोडून दिला. घरी आम्ही दखनी बोलतो. इथे मराठीत लिहिताना तिच्या बोलण्याची धार थोडी कमी होईल, पण शब्द तिचेच आहेत.

मागच्या डिसेंबरातली गोष्ट. मंगळवारच्या पाहुण्यांनी आदल्या संध्याकाळी येणं रद्द केलं. दाढ बरेच दिवस ठणकत होती, म्हणून सकाळी मेहरुन कामावर गेल्यावर मी हडपसरला बहिणीच्या ओळखीच्या डॉक्टरांकडे गेलो आणि ती काढून घेतली. बसनं परत आलो तेव्हा दोन वाजून गेले होते. अर्धा जबडा बधिर, तोंडात कापसाचा बोळा.

मेहरुन लवकर आली होती. ओट्यापाशी उभी होती. मला बघून तिनं गॅस बारीक केला.

"आज ऐकलं मी तुम्हाला," ती म्हणाली.

मी चपला कोपऱ्यात सरकवल्या.

"लॅबच्या कामानं बुधवार पेठेत आले होते. विश्रामबागवाड्याच्या दारात तुम्ही दिसलात, चार माणसं घेऊन उभे. म्हटलं, बघू तरी काय सांगता. मागे उभी राहिले. मग मंडईपर्यंत आले तुमच्यामागून." ती थांबली. "तुम्ही पाहिलंत मला. ओळख दाखवली नाहीत, हसलात फक्त."

मी काहीतरी बोलायला गेलो. ओठ हलले नाहीत.

"गाल का सुजलाय? दाढ काढलीत? टूर संपल्यावर लगेच?"

ती इतक्या प्रेमानं विचारत होती, की मी मान हलवली. हो म्हणून.

२

दुसऱ्या दिवशी तोंड सुटलं, तेव्हा खरं सांगायला हवं होतं. पण ती जेवताना पुन्हा तेच बोलू लागली आणि मी ऐकत बसलो.

"ती सज्जाखालची गोष्ट तुम्ही परक्या माणसांना सांगता, मला कधी सांगितली नाहीत."

"कोणती?"

"नाटकं करू नका. आपलीच."

आमची गोष्ट एवढीच, की लग्नाच्या आदल्या वर्षी मी तिला पहिल्यांदा विश्रामबागवाड्याच्या लाकडी सज्जाखाली पाहिलं. ती वह्या छातीशी धरून सावलीला उभी होती. माझ्या हातात दुकानातली बांधलेली रजिस्टरं होती. मी तिला पासोड्या विठोबाच्या देवळाचा रस्ता विचारला. दुकान तिथून हाकेच्या अंतरावर होतं, मी रोज चार वेळा तिकडून जायचो. तिनं सरळ चेहऱ्यानं रस्ता सांगितला. पुढे स्थळ सांगून आलं, ते तिचंच निघालं. एवढं तिलाही माहीत होतं.

"तुम्ही त्या रस्त्यानं थोडं गेलात आणि मग धावत वळसा घालून परत आलात," ती म्हणाली. "रजिस्टरं एका रसवंतीवाल्याकडे टाकून. मी गेले होते तोवर. तुम्ही माझ्या जागेवर उभे राहिलात, किती तरी वेळ."

माझ्या हातातला घास तसाच राहिला. हे खरं होतं. आणि हे मी आजपर्यंत कुणालाही सांगितलेलं नव्हतं. वडिलांना नाही, बहिणीला नाही. पाहुण्यांना सांगायचा तर प्रश्नच नव्हता.

"किती छान सांगितलंत," मेहरुन म्हणाली. चष्मा काढून पदरानं पुसू लागली. चोवीस वर्षांत तिनं माझ्या कुठल्या गोष्टीला 'छान' म्हटल्याचं मला आठवत नाही. 'बरं आहे' ही तिची शेवटची पायरी.

मला भीती वाटायला हवी होती. वाटलीही, पण नंतर. आधी मी जळलो. माझी गोष्ट दुसऱ्या कुणीतरी सांगितली आणि तिचे डोळे ओले झाले, एवढंच मला कळलं.

संशय पहिल्यांदा सौमित्रवर गेला. त्यानं माझ्या हाताखाली दोन वर्षं ही टूर शिकली आणि मग स्वतःची सुरू केली. अंगानं माझ्यासारखाच किडकिडीत, दाढी ठेवली तर लांबून फसेल कोणी. मी त्याला फोन केला. म्हटलं, मंगळवारी कुठे होतास?

"तुमच्या समोरच की, सर," तो म्हणाला. "तांबट आळीत. मी नमस्कार केला, तुम्ही बोलण्यात गुंग होतात. आणि सर, एक बोलू का? बदललात तुम्ही. पूर्वी सनावळ्या सांगायचात. परवा माझेच पाहुणे मला सोडून तुमचं ऐकत उभे राहिले. एवढी हातोड्यांची ठोकाठोक चालली होती, तरी तुमचा शब्द न् शब्द ऐकू येत होता."

३

पुढच्या मंगळवारी मेहरुननं लॅबमध्ये अर्धी सुट्टी टाकली. मला सांगितलं नाही. माझ्या बहिणीजवळ बोलली होती, तिच्या फोनवरून कळलं. त्या दिवशी माझे पाहुणे नेमके वाघोलीहून यायचे होते आणि त्यांनी दुपारची वेळ मागितली होती. म्हणजे सकाळभर मी घरी होतो.

दुपारी मी टूरला निघालो तेव्हा जिन्यात ती भेटली. गालांवर ऊन होतं. माझ्याकडे बघून हसली, आणि ते हसू माझ्यासाठी नव्हतं. म्हणजे, माझ्याचसाठी होतं. हे कसं सांगावं कळत नाही. बायको परपुरुषावर भाळली तर माणूस त्याचं नाव काढतो, पत्ता काढतो, दोन ठेवून देतो. मी काय करायचं होतं?

सांगून टाकणं सोपं होतं. तो मी नव्हतो, एवढे तीन शब्द. पण ते बोललो असतो तर त्या गोष्टीचं सगळं श्रेय त्याचं झालं असतं, आणि तिच्या लेखी मी पुन्हा सनावळ्या सांगणारा माणूस झालो असतो. तिचं ते हसू मला हवं होतं. खोट्या नावावर का होईना.

संध्याकाळी ती म्हणाली, "घरी असे गप्प का असता हो?"

"दमतो बोलून बोलून."

"हं," ती म्हणाली आणि माझ्याकडे जरा जास्त वेळ बघत राहिली.

ती नमाजाला बसली तेव्हा मी तिचा फोन उघडला. अशा गोष्टी मी पूर्वी कधी केल्या नाहीत. एक व्हिडिओ होता, चाळीस सेकंदांचा. फोन घेऊन मी न्हाणीघरात गेलो, नळ सोडला आणि आवाज बारीक करून तो लावला.

विश्रामबागवाड्याचं वरचं दालन. सुरूच्या झाडांसारखे कोरलेले खांब. तीन-चार माणसांचे चेहरे, सगळे एकाच बाजूला वळलेले. कॅमेरा त्या बाजूला एकदाही गेला नव्हता. पण आवाज स्पष्ट होता. माझाच. दुसऱ्याला ऐकू येतो तसा, थोडा अनुनासिक, वाक्याच्या शेवटी खाली बसणारा. फरक एकच होता. त्या आवाजाला कसलीही घाई नव्हती. बोलता बोलता तो थांबला आणि फोनच्या अगदी जवळ मेहरुन हसली. घशातून, मोकळं. ते हसू मी विसरलो होतो. लग्नानंतरच्या पहिल्या दोन-तीन वर्षांतलं होतं ते.

मी तो व्हिडिओ सात वेळा लावला. आवाजासाठी एकदाच. बाकी सहा वेळा त्या हसण्यासाठी.

४

मग मीही प्रयत्न केला. का करू नये? गोष्ट माझी होती.

शनिवारी सकाळी पाहुणे होते अनिरुद्ध आणि नीरजा, नवं लग्न झालेलं जोडपं. सज्जाखाली आलो आणि मी तारखांच्या ऐवजी सांगायला लागलो, की इथे एक मुलगी वह्या धरून उभी होती. रजिस्टरांपर्यंत आलो आणि पुढचं जमेना. रसवंतीवाला आधी की वळसा आधी, माझा मलाच घोळ झाला. नीरजानं हळूच घड्याळ पाहिलं. अनिरुद्ध म्हणाला, "सर, ही बिल्डिंग नक्की कधीची?"

मी साल सांगितलं. त्याला बरं वाटलं.

ते वर फोटो काढत होते तेव्हा दारावरचा वॉचमन पोपट माझ्याजवळ आला. हा शिरूरकडचा, कधी जास्त बोलत नाही.

"आज ते न्हाई सांगितलं तुमी," तो म्हणाला.

"काय?"

"मंगळवारी सांगता ते. त्या चष्म्यावाल्या बाई येत्यात बगा, त्यास्नी आधी हसिवता आन् मग रडिवता. म्या बी दारातनं ऐकत असतुय." तो घुटमळला. "सायेब, राग नका मानू. येक इचारू? मंगळवारी तुमी वर जाताना दिसता. खाली येताना म्या कदी बगितलं न्हाई. दुसरीकडनं वाट हाय का?"

"नाही," मी म्हटलं. "एकच जिना आहे."

"त्येच तर," पोपट म्हणाला आणि आपल्या खुर्चीवर जाऊन बसला.

५

पुढचा मंगळवार मी मुद्दाम मोकळा ठेवला. सकाळी मेहरुनला म्हटलं, टूर आहे. तिनं डबा भरता भरता विचारलं, "मी येऊ?"

"आज नको. मोठी माणसं आहेत."

"बरं," ती म्हणाली.

अकरा वाजता मी विश्रामबागवाड्यासमोर, रस्त्याच्या पलीकडे उभा होतो. बाजीराव रस्त्यावर नेहमीची गर्दी होती. वाड्याच्या तळमजल्यावरच्या पोस्टात माणसांची ये-जा चालू होती. मेहरुन आली. तिनं ईदला घेतलेला मोरपंखी ड्रेस घातला होता आणि केस सोडून पुन्हा बांधले होते. आरसा नसताना बायका बांधतात तसे, मान खाली घालून. मग ती आत गेली. कोणाची वाट पाहिली नाही.

मी पाच मिनिटांनी रस्ता ओलांडला. पोपटची खुर्ची रिकामी होती. जिन्याच्या खालच्या पायरीवर पाय ठेवला आणि वरून माझा आवाज आला.

मी तिथेच कठड्याला धरून उभा राहिलो. स्वतःला समजावलं. लाकडी छत आहे, आवाज घुमतात. रेकॉर्डिंग असेल. सौमित्रनं काहीतरी यंत्र लावलं असेल. मग डोक्यावरच्या फळ्या करकरल्या. एक माणूस सावकाश चालत होता, दर चौथ्या पावलाला थांबत होता. दाखवताना मी तसाच चालतो.

मी वर गेलो. पहिल्या दालनात कोणी नव्हतं. आवाज पुढच्या खोलीतून येत होता. तिथे गेलो, तर त्याच्या पुढच्या खोलीतून. शब्द कळत नव्हते, नुसती लय. मध्येच मेहरुनचं हसू. मी चाल वाढवली, आणि माझ्या पावलांचा आवाज अजिबात होत नाही हे माझ्या तेव्हा लक्षात आलं. त्या फळ्यांवर मी एकोणीस वर्षं चाललो आहे, मांजर गेलं तरी त्या वाजतात.

एका दारातून चार माणसं बाहेर आली. साधी माणसं होती, पाण्याच्या बाटल्या, टोप्या. मी दारात होतो म्हणून ती एकेक करून अंग चोरून निघाली. त्यातले वयस्कर गृहस्थ मला म्हणाले, "आत नका जाऊ. त्यांना बोलू दे दोघांना."

मी आत पाहिलं.

मेहरुन खांबाला टेकून उभी होती, हनुवटी वर करून. तिच्यासमोर, माझ्याकडे पाठ करून, तो उभा होता. माझा करडा कोट मला दिसला. कॉलरच्या वर मान दिसली. स्वतःची मान कुणी पाहिलेली नसते, त्यामुळे मला ती ओळखीची वाटायला नको होती आणि वाटलीही नाही. एवढंच वाटलं, की ती मान फार तरुण आहे.

त्याच्या खांद्यावरून मेहरुननं माझ्याकडे पाहिलं. नीट पाहिलं, लॅबमध्ये काचपट्टी बघते तसं. चेहऱ्यावर काहीच हललं नाही. मग तिनं नजर पुन्हा त्याच्याकडे वळवली आणि त्यानं मागे न बघता, हात मागे करून, दार लोटलं.

मी ढकललं नाही. हाक मारली नाही. का, ते आजही सांगता येत नाही. भीती होतीच. पण खरं सांगायचं तर, दार उघडल्यावर ती कुणाकडे वळेल हे मला बघायचं नव्हतं.

६

ती साडेतीनला घरी आली. मी आधीच येऊन खुर्चीत बसलो होतो. तिनं पर्स अडकवली, पाणी प्यायली आणि माझ्यासमोर बसली.

"आज दारात एक माणूस उभा होता," ती म्हणाली. "तुमची पाठ होती त्याच्याकडे. आपल्याकडे बघत होता. कोण होता तो?"

तिचा आवाज अगदी हळू होता. तिनं दोन्ही हात मांडीवर ठेवले होते आणि ती वाट बघत होती. मला वाटतं, तिनं मला इतका वेळ पूर्वी कधीच दिला नव्हता. पंखा फिरत होता. खाली कोणीतरी स्कूटर सुरू करायचा प्रयत्न करत होतं, ती सुरू होऊन निघून गेली, तरी मेहरुन वाट बघत होती.

"कोणी नाही," मी म्हटलं. "येतात असे. रिकामटेकडे."

मेहरुननं मान हलवली. उठून चहा टाकला. आतूनच म्हणाली, "पुढच्या मंगळवारी टूर संपल्यावर आपण दोघं बरोबरच घरी येऊ, असं म्हणालात तुम्ही."

"म्हणालो का?"

"म्हणालात."

तिनं एकच कप आणला आणि माझ्यासमोर ठेवला.

७

तो आठवडा मी झोपलो असं म्हणता येणार नाही. मंगळवारी ती निघताना दारात थांबली.

"तुम्हाला निघायचं नाही?"

"निघतो मागून."

ती आणखी थोडा वेळ उंबऱ्यात उभी राहिली. मग गेली.

मी गेलो नाही. घोरपडे पेठेतलं आमचं घर तिसऱ्या मजल्यावर आहे, इमारतीला लिफ्ट नाही. जिन्यातला प्रत्येक आवाज आत येतो. दार आतून लावून मी बसून राहिलो. ठरवलं होतं, आज ती आली की सगळं सांगायचं. दाढेपासून सुरुवात करायची. वाक्यं मनात जुळवत होतो आणि प्रत्येक वाक्य आधीच कुणीतरी माझ्याहून बरं बोलून गेल्यासारखं वाटत होतं.

एकच्या सुमाराला खाली रिक्षा थांबली. जिन्यावर पावलं वाजू लागली. दोन माणसांची.

आवाज पहिल्या मजल्यावरून आला. माझा आवाज. तो जिना दाखवत होता. "या वळणावर," तो म्हणाला, "आपलं लग्नातलं कपाट अडकलं होतं. तू खालून म्हणालीस, राहू दे इथेच, कपडे जिन्यात बदलू." मेहरुन हसली, ते घशातलं मोकळं हसू. पुढच्या वळणावर तो पुन्हा थांबला, दर चार पावलांनी थांबतो तसा. "आणि इथे तू बसली होतीस, अम्मी गेल्या त्या दिवशी. मी वर होतो. मला ऐकू येत होतं. मी खाली आलो नाही."

हे खरं होतं. तिच्या आईच्या मौतीच्या दिवशी ती जिन्यात बसून रडत होती आणि मी दारामागे उभा राहून ऐकत होतो. काय बोलावं सुचत नव्हतं म्हणून गेलो नाही. तिला वाटायचं, मी घरात नव्हतोच.

मग ती काहीतरी बोलली, मला कळलं नाही, आणि तो म्हणाला, "यायला हवं होतं मी."

मी उठलो आणि दार उघडलं.

मेहरुन आमच्या मजल्यावर पोचली होती. एकटीच. धाप लागली होती, चष्मा हातात होता, डोळे ओले होते. जिन्याच्या वळणामागे पावलं थांबलेली होती. भिंतीवर सावली पडायला हवी होती, तिथे ऊन होतं.

मी पुढे झालो. "मेहरुन," मी म्हटलं, "ऐक. तिथे असतो तो मी नाही. पहिल्या दिवसापासून नाही. मी हडपसरला होतो गं. तो मी नाही."

तिनं चष्मा डोळ्यांवर चढवला आणि माझ्याकडे पाहिलं. रागानं नाही. आजारी माणसाकडे बघावं तसं, मायेनंच.

"माहीत आहे मला," ती म्हणाली. "पहिल्याच दिवशी कळलं होतं. तुम्ही सांगाल म्हणून थांबले होते."

वळणामागची पावलं पुन्हा सुरू झाली, सावकाश, कसलीही घाई नसलेली.

मी म्हटलं, "आत ये."

ती आत आली नाही. भिंतीला पाठ लावून ती जिन्यात एका बाजूला सरकली, वर येणाऱ्याला दारापर्यंत वाट मिळावी म्हणून.